झाबवाला बाईंचे घर कोणते? विस्थापित पटकथाकार आणि परक्यांच्या कादंबऱ्या

माजघर (धागाकर्ती)

दादरच्या एका फिल्म सोसायटीत 'अ रूम विथ अ व्ह्यू' पाहिला तेव्हा श्रेयनामावलीत पटकथेसाठी रूथ प्रॉअर झाबवाला हे नाव वाचून मी शेजारच्या मैत्रिणीला म्हटले होते, की ही बाई आपल्या पारशी कॉलनीतली दिसते. हा समज पुढे सात-आठ वर्षे टिकला. खरी हकिकत समजली तेव्हा ओशाळायला झाले.

त्यांचा जन्म १९२७ साली जर्मनीतल्या कोलोन शहरात, ज्यू कुटुंबात झाला. १९३९ च्या एप्रिलमध्ये, म्हणजे युद्धाला तोंड फुटण्यापूर्वी जेमतेम पाच महिने, हे कुटुंब इंग्लंडला निसटले. तेव्हा रूथ बारा वर्षांच्याही नव्हत्या. मागे राहिलेले चाळीसहून अधिक नातेवाईक मारले गेल्याचे कळल्यानंतर वडिलांनी १९४८ मध्ये आत्महत्या केली. १९५१ साली रूथ यांनी सायरस झाबवाला या पारशी वास्तुविशारदाशी लग्न केले आणि त्या दिल्लीला आल्या. चोवीस वर्षे तिथे राहून १९७५ मध्ये त्यांनी न्यूयॉर्क गाठले. बुकर आणि ऑस्कर हे दोन्ही मान मिळालेल्या त्या एकमेव लेखिका आहेत. बुकर 'हीट अँड डस्ट' या कादंबरीसाठी त्याच १९७५ साली मिळाले, आणि पटकथेची दोन ऑस्कर ई. एम. फॉर्स्टर या इंग्रज लेखकाच्या कादंबऱ्यांच्या रूपांतरांसाठी.

माझी तक्रार यापुढची आहे. निर्माते इस्माईल मर्चंट आणि दिग्दर्शक जेम्स आयव्हरी या जोडीसाठी त्यांनी वीसहून अधिक पटकथा लिहिल्या, परंतु त्यांपैकी एकीतही कोलोनचे ते घर नाही. ज्या बाईने तीन देश बदलले, तिने हेन्री जेम्स आणि फॉर्स्टर या कादंबरीकारांच्या दिवाणखान्यांत आयुष्य का घालवावे? त्याउलट मीरा नायर यांच्या 'मिसिसिपी मसाला' या चित्रपटामध्ये युगांडातून हाकलले गेलेले कुटुंब थेट समोर उभे राहते. स्थलांतरित लेखकाने स्वतःचे उखडले जाणे लिहायला हवे, आणि झाबवाला बाईंनी ते टाळले, असे माझे मत झाले आहे. आपल्याला काय वाटते?

फिरस्ता

मत पटले नाही. तुम्ही रूपांतरांपासून सुरुवात केलीत, म्हणून तसे वाटत असावे. १९६५ चा 'शेक्सपिअर-वाला' पाहा. तो कोणत्याही कादंबरीवर बेतलेला नाही. जेफ्री केंडल यांची नाटक मंडळी भारतभर शेक्सपिअरचे प्रयोग करीत फिरत असे, तो अनुभव कथेच्या मुळाशी आहे, आणि केंडल कुटुंबच पडद्यावर आहे. स्वातंत्र्यानंतर या मंडळींचा प्रेक्षक आटत चालला आहे. एका प्रयोगाला 'ऑथेल्लो' रंगात आलेले असताना मधुर जाफरी यांनी उभी केलेली सिनेतारका मंजुळा उशिरा येऊन आपल्या जागेवर बसते, आणि सगळे प्रेक्षागृह रंगमंचाकडे पाठ करून तिच्याकडे पाहू लागते. रंगमंचावरच्या नटाला त्या क्षणी समजते, की या देशाला आता आपली गरज उरलेली नाही.

आणि शेवट? कंपनीच्या मालकाची मुलगी लिझी हिला आईवडील 'घरी', म्हणजे इंग्लंडला, पाठवतात. हे घर तिने जन्मात पाहिलेले नाही. एवढी एक गोष्ट लिहायला मुळापासून उपटली गेलेलीच बाई लागते, असे मी म्हणेन. कोलोनचे नाव घेतले नाही म्हणून कोलोन तिथे नाही, असे कसे म्हणता येईल?

काडेपेटी

पारशी कॉलनीचा गैरसमज आवडला. 'प्रॉअर' हे पारशांतलेच एखादे आडनाव असणार, असे आमच्या एका काकांनी मला ठामपणे सांगितले होते, आणि त्यांनी 'कुठल्या धंद्यावरून पडले असेल' याचीही उकल केली होती. ती इथे लिहिण्यासारखी नाही.

नगरवाचनालय

धागाकर्तीच्या मांडणीत एक दुरुस्ती आवश्यक आहे. पटकथांबद्दल त्यांचे म्हणणे चर्चेला घेता येईल, पण बाईंच्या कथा-कादंबऱ्यांबद्दल ते खरे नाही. १९६५ च्या 'अ बॅकवर्ड प्लेस'मध्ये दिल्लीत अडकून पडलेली एटा ही हंगेरियन स्त्री आहे, आणि आपल्या खोलीत युरोपचा एक तुकडा टिकवून धरण्याची तिची केविलवाणी धडपड मला आजही डोळ्यांपुढे दिसते. १९८३ च्या 'इन सर्च ऑफ लव्ह अँड ब्यूटी'मध्ये तर जर्मन आणि ऑस्ट्रियन निर्वासितांचे न्यूयॉर्कमधले अख्खे वर्तुळ आले आहे. शिवाय १९७९ मध्ये एडिंबरोला दिलेल्या एका व्याख्यानात आपल्याला लेखक म्हणून पायाखाली स्वतःची जमीनच नाही, हे त्यांनी कसलाही आडपडदा न ठेवता सांगितले होते. त्या व्याख्यानाचे शीर्षकच 'वारसा हिरावला जाणे' अशा अर्थाचे आहे.

तेव्हा टाळाटाळीचा आरोप टिकत नाही. प्रश्न इतकाच उरतो, की जे कथेत सांगितले ते पडद्यावर का नाही.

माजघर

नगरवाचनालय, दुरुस्ती मान्य. कादंबऱ्यांपैकी मी 'हीट अँड डस्ट' एवढीच वाचली होती. प्रश्न आता पटकथांपुरता ठेवू. फिरस्ता, लिझीचा मुद्दा मात्र पूर्णपणे पचलेला नाही. इंग्रज नाटकवाल्यांचे दुःख हे सत्ता गेलेल्यांचे दुःख आहे, आणि जीव मुठीत धरून पळालेल्यांचे दुःख वेगळे असते. त्यांना एका तागडीत कसे तोलायचे?

यमुनापार

माझे सारे आयुष्य दिल्लीत गेले. आमच्या घरी झाबवाला हे नाव काढले की आई संतापत असे. 'भारतात चोवीस वर्षे राहून उकाडा आणि धूळ एवढेच दिसले का?' असा तिचा सवाल होता, आणि असे वाटणारी ती एकटी नव्हती. भारतातल्या आपल्या वास्तव्याविषयी बाईंनी एक निबंध लिहिला होता. त्यात पडदे ओढून, वातानुकूलन लावून खोलीत बसलेली लेखिका स्वतःच स्वतःला न्याहाळते. परदेशी माणूस इथे आला की आधी भारावतो, मग कुरकुरतो, शेवटी त्याला सगळ्याचा वीट येतो आणि मग हे चक्र पुन्हा पहिल्यापासून सुरू होते, असे त्या सांगतात. आईने तो निबंध वाचून मासिक बंबात घातले होते, अशी घरातली दंतकथा आहे.

मी स्वतः तो चाळिशीत वाचला, आणि मला त्यात भारताची निंदा कमी व स्वतःविषयीची निर्दयता अधिक दिसली. त्या मेमसाहेब नव्हत्या. सासरच्या माणसांत राहणारी, तीन मुली वाढवणारी ती सून होती. ज्या घरात आपण सून म्हणून राहतो ते घर आपले असते आणि नसतेही, हे या धाग्यावरच्या बायकांना समजावून सांगण्याची गरज नाही.

पहिल्या पटकथेचा किस्साही सासरचाच आहे. इस्माईल मर्चंट आणि जेम्स आयव्हरी त्यांच्या 'द हाउसहोल्डर' या कादंबरीचे हक्क मागण्यासाठी फोन करू लागले तेव्हा रूथबाई फोनवर आपल्या सासूबाई असल्याचे भासवून त्यांना टाळत होत्या.

काडेपेटी

सून सासूच्या आवाजात बोलली! यापेक्षा मोठे विस्थापन मराठी मालिकांतही झालेले नाही.

शुक्रतारा

'मिसिसिपी मसाला'चा उल्लेख झाला म्हणून लिहिते. त्याच्या पटकथाकार सूनी तारापोरवाला या खऱ्याखुऱ्या मुंबईकर पारशी आहेत. त्या अमेरिकेत शिकल्या आणि मुंबईला परतल्या, त्यामुळे त्यांना स्थलांतरित लेखिका म्हणणे तितकेसे बरोबर नाही. युगांडातून हाकलले गेलेले आशियाई लोकही त्यांचे घरचे नव्हते. म्हणजे तुमच्याच कसोटीने ती पटकथा 'दुसऱ्यांची गोष्ट' ठरते. तरीही ती थेट काळजाला भिडते, याचे कारण तिच्यातला तपशील आहे. ऑगस्ट १९७२ मध्ये युगांडाचा हुकूमशहा इदी अमीन याने आशियाई लोकांना देश सोडण्यासाठी नव्वद दिवस दिले. त्यानंतर कित्येक वर्षांनीही जय हा वकील मिसिसिपीतल्या मोटेलमध्ये बसून कंपालाच्या न्यायालयात मालमत्तेसाठी दावा लढवत राहतो. आपल्याकडे भाऊबंदकीचे दावे दोन-दोन पिढ्या चालतात, तशी ही एका माणसाची देशाशी भाऊबंदकी आहे. अखेर तो कंपालाला जातो तेव्हा घराची पडझड झालेली असते, आणि ज्या मित्रावर रुसून तो निघून आला होता, तो केव्हाच मारला गेलेला असतो.

पटकथाकाराने स्वतःचेच लिहावे हा आग्रह मला म्हणूनच पटत नाही. कोणाचे घर लिहिता आहात याला महत्त्व नाही. त्या घराची कुलपे तुम्हाला ठाऊक आहेत का, याला आहे.

संकलक

मी संकलनाच्या धंद्यात पोट भरतो, त्यामुळे थोडे व्यवहाराचे बोलतो. स्वतंत्र चित्रपट म्हणजे ज्याच्या मागे स्टुडिओची तिजोरी नाही तो चित्रपट, एवढी साधी व्याख्या मी धरतो. मर्चंट-आयव्हरी संस्था १९६१ ची. परदेशी चित्रपट कंपन्यांनी भारतात मिळवलेले पैसे तेव्हा भारताबाहेर नेता येत नसत. त्या अडकून पडलेल्या रुपयांतून कोलंबिया कंपनीने 'द हाउसहोल्डर' विकत घेतला, आणि पुढच्या चित्रपटाला भांडवल मिळाले. रुपयेसुद्धा देशात अडकलेले, असे म्हणायचा मोह होतो. पण तो आवरतो.

अशा पैशात युद्ध, जहाजे आणि जळणारी शहरे लिहिता येत नाहीत. १९३९ चे कोलोन उभे करायला जो खर्च आला असता तो यांच्या आवाक्यात नव्हता. एक घर, सहा माणसे आणि त्यांच्यातली न बोललेली गोष्ट, एवढेच परवडते. पटकथा तशीच लिहावी लागते. बाई चित्रीकरणाच्या जागी फारशा जात नसत. संकलनाच्या वेळी मात्र बसत आणि काय कापायचे ते सांगत. हे वाचल्यापासून मला त्यांच्याबद्दल धंद्यातला आदर आहे.

त्यांचा आवर्जून पाहण्यासारखा एक प्रसंग १९७० च्या 'बॉम्बे टॉकी'त आहे. मुंबईच्या स्टुडिओत एक भलामोठा टंकलेखनयंत्राचा सेट लावला आहे आणि त्याच्या कळांवर नाच चालला आहे. शंकर-जयकिशन यांचे संगीत, हेलनचे नृत्य. इंग्लंडहून आलेली कादंबरीकार हा तमाशा डोळे विस्फारून पाहते, आणि चित्रपटांसाठी लिहून पोट भरणारा हरी हा कवी तिथेच वावरतो. दोघेही लेखक आहेत, आणि दोघांच्याही शब्दांवर कोणीतरी नाचते आहे. पटकथाकाराची ओळख काय, या प्रश्नाचे इतके विनोदी उत्तर मी दुसरीकडे पाहिलेले नाही.

काडेपेटी

इस्माईल मर्चंट मुंबईचे. ते मंडळींना स्वतः रांधून जेवू घालत आणि पैसे थकले तरी माणसे टिकून राहत, असे सांगतात. आमच्या निर्मात्याने वडापाव दिला तरी आम्ही राष्ट्रीय पुरस्कार आणू.

कोलोनकर

गेली अकरा वर्षे कोलोनमध्ये राहतो, म्हणून हे नाव. इथल्या पदपथांवर चालताना पायाखाली दहा सेंटिमीटरचे पितळी चौकोन लागतात. त्यांवर 'येथे राहत होते' असे कोरून खाली नाव, जन्मवर्ष आणि कुठे नेऊन मारले ते लिहिलेले असते. पावसानंतर ते चकाकतात. आमच्या इमारतीच्या दारातही असे तीन आहेत. सकाळी घाईत त्यांवर पाय पडतो, आणि मी अजूनही मनातल्या मनात नमस्कार करतो, जसा पुस्तकाला पाय लागल्यावर करतो.

ज्या रस्त्यावर आपण लहानपणी खेळलो त्या रस्त्याचे असे झाले, तर कोणी त्यावर पटकथा लिहावी अशी अपेक्षा धरणे मला निर्दय वाटते. दिग्दर्शक, कॅमेरा, दिवे आणि जेवणाची सुट्टी यांच्या गराड्यात ते घर पुन्हा प्लायवुडमध्ये उभे झालेले पाहणे कोणाला सोसवेल? कादंबरीत माणूस निदान एकटा असतो.

कोयनाकाठ

कोलोनकरांच्या प्रतिसादावरून माझी आजी आठवली. आमचे गाव कोयनेच्या जलाशयात गेले आणि आमच्या लोकांना रायगडात वसवले. आजी पुढे चाळीस वर्षे जगली, पण जुन्या घराविषयी तिने एक अक्षर काढले नाही. आम्ही मुले खोदून विचारायचो, तेव्हा ती चुलीकडे वळायची. मात्र दुसऱ्यांच्या घरांविषयी ती तासन् तास बोलत असे. पाटलांचे घर सात खणांचे, गुरवाच्या पडवीत एक पायरी तुटलेली, अमक्या काकूंच्या माजघरात दिवसासुद्धा दिवा लागायचा. एकदा वडिलांनी तिच्या सांगण्यावरून कागदावर आळीचा नकाशा काढला. सगळी घरे आली. मधोमध एक जागा कोरी राहिली, ती आमची.

धागाकर्तीने विचारले, की ही बाई परक्यांच्या दिवाणखान्यांत का बसली. मला त्यात काही नवल वाटत नाही.

माजघर

कोयनाकाठ, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. आज उत्तर लिहीत नाही.

नगरवाचनालय

कोऱ्या जागेवरून 'हॉवर्ड्स एंड' आठवला. १९९२ चा हा चित्रपट आपण 'इंग्रजी घराचा' म्हणून ओळखतो. त्यातल्या श्लेगेल बहिणी अर्ध्या जर्मन आहेत, त्यांचे वडील जर्मनीहून आलेले. त्या भाड्याच्या घरात वाढल्या, आणि कराराची मुदत संपत आल्याने त्यांना ते घर सोडावे लागणार आहे. म्हणजे जर्मन रक्ताच्या दोन बहिणी लंडनमध्ये घर शोधत आहेत, आणि त्यांच्यातल्या थोरलीच्या नावे झालेले घर ज्या चिठ्ठीत लिहिले होते ती चिठ्ठी वारसदार आगीत टाकतात. हे सगळे फॉर्स्टरचे आहे, त्यात शंका नाही. परंतु ज्या बाईने वारसा हिरावला जाण्यावर व्याख्यान दिले, तिने या कादंबरीची पटकथा लिहिताना तो जळणारा कागद कुठल्या नजरेने पाहिला असेल? दुसरे ऑस्कर याच पटकथेचे आहे.

आणखी एक गंमत. इतके अस्सल इंग्रजी चित्रपट काढणाऱ्या या तिघांत इंग्रज कोणीच नव्हता. दिग्दर्शक अमेरिकन, निर्माता मुंबईचा मुसलमान, लेखिका जर्मन ज्यू. न्यूयॉर्कमध्ये हे तिघे एकाच इमारतीत राहत असत. विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर म्हणतात. इथे तीन विंचवांनी मिळून एक बंगला बांधला आणि तो इंग्रजांना इतका आवडला, की त्यांनी तो आपलाच समजला.

काडेपेटी

'हॉवर्ड्स एंड'च्या मूळ मालकीणबाईंचे नावही रूथच आहे. रूथ विलकॉक्स. आता कृपया कोणी यावर प्रबंध लिहू नये. ते नाव फॉर्स्टरने १९१० साली ठेवले, तेव्हा आपल्या बाई जन्मलेल्याही नव्हत्या.

संकलक

काडेपेटी, तुम्ही थट्टा केलीत, पण या थट्टेने मला एक खरी गोष्ट आठवली. 'द रिमेन्स ऑफ द डे' ही काझुओ इशिगुरो यांची कादंबरी आहे. ते स्वतः नागासाकीला जन्मून वयाच्या पाचव्या वर्षी इंग्लंडला आले. कादंबरीत हवेलीचा मालक लॉर्ड डार्लिंग्टन दोन ज्यू मोलकरणींना केवळ त्या ज्यू आहेत म्हणून कामावरून काढतो. त्यांची नावे रूथ आणि साराह. १९९३ च्या चित्रपटात त्यांची नावे एल्सा आणि इर्मा आहेत, आणि त्या जर्मनीतून पळून आलेल्या निर्वासित मुली आहेत. कादंबरीत नोकरी जाते. चित्रपटात त्या मुलींना जर्मनीला परत पाठवले जाईल, ही भीती समोर उभी राहते. चार-पाच मिनिटांचाच भाग असेल, पण सगळ्या चित्रपटाचा तोल त्यावर आहे.

माजघर, तुम्ही कोलोन शोधत होता. ते इथे, नोकरांच्या जिन्यात आहे.

शुक्रतारा

संकलक, जरा थांबा. या पटकथेचा आधीचा खर्डा नाटककार हॅरॉल्ड पिंटर यांनी केला होता, आणि नंतर त्यांनी आपले नाव काढायला लावले. पिंटरही लंडनच्या ज्यू कुटुंबातलेच. तो बदल कोणाच्या हातचा, हे पडद्यावरून ठरवता येत नाही. शिवाय चरित्रातून कलाकृती वाचण्याचा हा मार्ग निसरडा आहे. त्यावरून चालले की शेवटी प्रत्येक दारात लेखकाची आजी दिसू लागते.

संकलक

मान्य. पहिली रेघ कोणी मारली हे मी सांगू शकत नाही. पण अखेरच्या पटकथेवर एकटे नाव झाबवालांचे आहे, आणि संकलनात काय ठेवायचे व काय कापायचे यात त्यांचा शब्द चालत असे. मी कापणारा माणूस आहे. लांबलेल्या चित्रपटात अशी चार मिनिटे सर्वांत आधी जातात. ती गेली नाहीत. माझ्या लेखी एवढा पुरावा पुरेसा आहे, तुमच्या लेखी नसेल.

यमुनापार

दोघांचेही बरोबर असू शकते. आईला मात्र हे सांगण्याची सोय आता उरलेली नाही.

माजघर

रविवारी तो भाग पुन्हा पाहिला. मी आधी दोनदा हा चित्रपट पाहिला होता आणि त्या मुलींची नावेही मला आठवत नव्हती, हे कबूल करते. या वेळी माझे लक्ष घराची व्यवस्था पाहणाऱ्या मिस केंटनकडे होते. या मुलींना काढले तर मीही नोकरी सोडेन, असे ती ठणकावून सांगते, आणि पुढे ती सोडत नाही. का, तर तिला जायला जागा नाही, आणि तिला त्याची लाज वाटते. एल्सा आणि इर्मा निघून जातात, आणि ज्या बाईला घर नाही ती दुसऱ्याच्या घरात चहाची भांडी मोजत राहते.

'टाळले' हा माझा शब्द मी मागे घेते. 'शेक्सपिअर-वाला'बद्दलची माझी कुरबुर अजून शिल्लक आहे, फिरस्ता, त्यावर आपण भांडू. पण आधी 'द हाउसहोल्डर' पाहायचा आहे. त्याची हिंदी आवृत्ती 'घरबार' या नावाने निघाली होती, शशी कपूर आणि लीला नायडू यांची. ती कुठे चांगल्या प्रतीत पाहायला मिळेल, हे कोणाला ठाऊक आहे का?

काडेपेटी

धाग्याचे नाव 'घर कोणते', आणि अखेर मागणी 'घरबार'ची. फिल्म सोसायटीच्या जुन्या चिटणिसांना उद्या फोन करतो. त्यांच्या सासूबाईंनी उचलला नाही म्हणजे मिळवली.